हायड्रोपोनिक्स : पोषणद्रावण स्वतः मोजायचं आणि मिसळायचं कसं?

तराजू
हायड्रोपोनिक्सवर (माती न वापरता पोषणद्रावणात झाडं वाढवण्यावर) शोधायला गेलं की पाईप, पंप, जाळीचे कप, कोकोपीट यावर ढीगभर माहिती मिळते, पण पाण्यात नेमकं काय आणि किती टाकायचं हा भाग "ए बाटलीतलं पाच मिली, बी बाटलीतलं पाच मिली" एवढ्यावर आटोपतो. खरं तर सगळं इथेच ठरतं. मातीत थोडं कमीजास्त झालं तर माती सांभाळून घेते, चिकणमातीचे कण अन्नद्रव्यं धरून ठेवतात आणि हळूहळू सोडतात. पाण्यात असं सांभाळणारं कुणीच नसतं, आपण जे टाकलं तेच थेट मुळांशी. म्हणून वेगळा धागा काढतोय.

पहिली गोष्ट, चमचा बाजूला ठेवा आणि वजनकाटा घ्या. कॅल्शियम नायट्रेट हवेतला ओलावा ओढतं, पिशवी उघडून थोडे दिवस झाले की तोच चमचा वेगळं वजन भरतो. मॅग्नेशियम सल्फेटचे खडे बारीक असले तर एक वजन, जाड असले तर दुसरं. म्हणून चमच्याचं प्रमाण कुणी सांगितलं तरी ते त्याच्या पिशवीपुरतंच खरं.

हिशोब सोपा आहे. १ पीपीएम म्हणजे लिटरला १ मिलिग्रॅम, म्हणजेच १००० लिटरला १ ग्रॅम. आता समजा शंभरपट तीव्र द्रावणाचे दोन कॅन, ए आणि बी, प्रत्येकी १० लिटरचे केले तर त्यातून १००० लिटर तयार पाणी होतं, मग प्रत्येक खताचे जितके ग्रॅम घातले त्याला त्यातल्या अन्नद्रव्याच्या टक्क्यांनी गुणलं की थेट पीपीएम येतात. दुसरं काही करावं लागत नाही.

पालेभाज्यांसाठी मी वापरतो ते प्रमाण :

ए कॅन (१० लिटर) : कॅल्शियम नायट्रेट ८०० ग्रॅम, चिलेटेड लोह (म्हणजे गाळ होऊ नये म्हणून ईडीटीए या रेणूने धरून ठेवलेलं, १२ टक्केवालं) २१ ग्रॅम.

बी कॅन (१० लिटर) : पोटॅशियम नायट्रेट म्हणजे १३:००:४५ (पिशवीवरचे हे आकडे नत्र:स्फुरद:पालाश यांचे टक्के) ३५० ग्रॅम, मोनोपोटॅशियम फॉस्फेट म्हणजे ००:५२:३४ १८० ग्रॅम, मॅग्नेशियम सल्फेट ४०० ग्रॅम, शिवाय सूक्ष्म अन्नद्रव्यं (बोरिक अॅसिड २.८६ ग्रॅम, मँगनीज सल्फेट १.५४, झिंक सल्फेट ०.२२, कॉपर सल्फेट ०.०८, सोडियम मॉलिब्डेट ०.१२).

दोन्हीचं लिटरला १०-१० मिली टाकलं की साधारण नत्र १७०, स्फुरद ४१, पालाश १८२, कॅल्शियम १५०, मॅग्नेशियम ३९ पीपीएम आणि ईसी (पाण्याची वीजवाहकता, म्हणजे त्यातल्या एकूण क्षारांचं माप) पाण्याच्या मूळ ईसीपेक्षा १.६ ने वर जातो. रोपं लहान असताना याच्या निम्मं.

दोन कॅन का, तर तीव्र द्रावणात कॅल्शियम आणि सल्फेट एकत्र आले की जिप्सम तयार होतं आणि जिप्सम लिटरला दोन-अडीच ग्रॅमच्या वर विरघळतच नाही, बाकीचं पांढरा गाळ होऊन तळाशी. कॅल्शियम आणि फॉस्फेटचंही तेच. एकदा गाळ झाला की ढवळून, गरम करून काही उपयोग नाही, ते अन्नद्रव्य गेलं. पातळ केल्यावर मात्र दोन्ही एकत्र नांदतात कारण प्रमाण फार कमी असतं. म्हणून आधी टाकीत पाणी, मग ए, नीट ढवळा, मग बी, परत ढवळा. आणि दोन्हीला मापं वेगवेगळी ठेवा. एकच सिरिंज ए मधून थेट बी मध्ये घातली की कॅनच्या तोंडाशीच पांढरट साचायला सुरुवात होते.

दवबिंदू
फार उपयोगी. एक कळलं नाही, ००:५२:३४ मध्ये स्फुरद ५२ टक्के ना? मग १८० ग्रॅमचे ९३ पीपीएम व्हायला पाहिजेत, तुम्ही ४१ लिहिलंय.

तराजू
चांगला प्रश्न, इथे बरेच जण अडतात. पिशवीवरचा आकडा शुद्ध स्फुरदाचा नसतो, तो पी२ओ५ या रूपातला असतो, आणि पालाशचा के२ओ या रूपातला. ही खत उद्योगाची जुनी पद्धत आहे, खतात ही ऑक्साइडं प्रत्यक्षात नसतातही. पी२ओ५ ला ०.४३६ ने गुणा की स्फुरद, के२ओ ला ०.८३ ने गुणा की पालाश. म्हणजे ५२ चे २२.७ टक्के, १८० ग्रॅमचे ४१. नत्राचा आकडा मात्र जसा आहे तसाच धरायचा. कुठलंही तयार प्रमाण वाचताना त्यातले पीपीएम ऑक्साइडचे की मूलद्रव्याचे हे आधी बघा, नाहीतर दुपटीचा फरक पडतो.

रानवारा
मस्त धागा. पण ०.०८ ग्रॅम कॉपर सल्फेट घरी कसं मोजायचं? माझा काटा १ ग्रॅमच्या पायरीचा आहे.

तराजू
नाही मोजायचं. इतकं बारीक वजन ०.०१ ग्रॅमच्या काट्यावरही भरवशाचं येत नाही, शेवटचा आकडा हलतच असतो. त्यापेक्षा सूक्ष्म अन्नद्रव्यांची आणखी एक तीव्र बाटली करा. वर दिलेल्या सगळ्या वजनांना १०० ने गुणा, म्हणजे कॉपर सल्फेट ८ ग्रॅम, झिंक सल्फेट २२, सोडियम मॉलिब्डेट १२. बोरिक अॅसिड आणि मँगनीज मात्र वेगळे ठेवा, त्यांची वजनं मुळातच मोठी आहेत आणि २८६ ग्रॅम बोरिक अॅसिड एक लिटरमध्ये मावणारही नाही, गार पाण्यात ते लिटरला पन्नासएक ग्रॅमच विरघळतं. तांबं आणि जस्त एका लिटरच्या बाटलीत, मॉलिब्डेट दुसऱ्या लिटरच्या बाटलीत. मग बी कॅन भरताना दोन्हीतलं १०-१० मिली घ्यायचं. ८ ग्रॅम मोजताना तुमच्या १ ग्रॅमच्या काट्यावरही चूक फार तर सहा-सात टक्क्यांची, ०.०८ मोजताना सहज दुप्पट होईल. आणि तांबं दुप्पट म्हणजे गंमत नाही, कमतरता आणि विषबाधा यांच्यातलं अंतर सूक्ष्म अन्नद्रव्यांत फार कमी असतं, बोरॉनचं तर खासच.

मोठ्या खतांना १ ग्रॅमचा काटा पुरतो. बोरिक आणि मँगनीजसाठी ०.०१ चा छोटा काटा घ्या.

आणखी एक. १० लिटर करायचं म्हणजे १० लिटर पाणी घेऊन त्यात खत ओतायचं असं नाही. खत विरघळलं की आकारमान वाढतं. आधी ७ लिटर घ्या, सगळं विरघळवा, मग १० च्या खुणेपर्यंत पाणी भरा. पोटॅशियम नायट्रेट विरघळताना पाणी चांगलंच गार होतं आणि गार झालं की उरलेलं विरघळायला नकार देतं, तेव्हा सुरुवातीला कोमट पाणी घेतलं तर लवकर उरकतं.

ओलावा
माझी अडचण इथे मांडते, धाग्याला धरूनच आहे. लेट्यूस आणि तुळस लावलीय, मुळं पांढरी आहेत, पंप नीट चालतो, मीटरवर बरोबर ८०० पीपीएम ठेवते (१.६ ईसी म्हणजे ८०० असं वाचलं होतं) पण नवीन पानं पिवळी येतायत, शिरा हिरव्या आणि मधला भाग फिका, वाढ पण हळू. पीएच आज ५.८ केला की उद्या ७ च्या वर. पीएच कमी करायचं औषध रोज टाकतेय. लोह अजून टाकू का?

हिरवळ
नवीन पानं म्हणजे लोहच. पानांवर फवारणी करून बघा.

आम्लपर्णी
@ओलावा लक्षण लोहाचंच दिसतंय, पण लोह कमी पडतंय की आहे ते झाडाला मिळत नाहीये हे बघायला हवं. लगेच काही टाकू नका. चार गोष्टी सांगाल का :
लोह कुठल्या प्रकारचं आहे? नुसत्या पाण्याचा ईसी किती? पाण्याच्या तपासणीचा कागद असेल तर त्यात बायकार्बोनेट किती लिहिलंय? आणि तुमचा मीटर पीपीएम कुठल्या मोजपट्टीने दाखवतो, ५०० की ७००?

ओलावा
लोह ईडीटीए. कागद आहे. पाण्याचा ईसी ०.५, कॅल्शियम ४०, मॅग्नेशियम १२, बायकार्बोनेट १८३ असं लिहिलंय. मोजपट्टीचं कळलं नाही, मीटर म्हणजे साधा टीडीएस पेन आहे, त्याच्यावर फक्त पीपीएम येतं.

सुगीत
मोजपट्टीचं मी सांगतो. हा पेन पाण्यातलं खत मोजतच नाही, तो फक्त पाण्यातून वीज किती सहज वाहते ते मोजतो, म्हणजे ईसी. मग त्याला एका ठरलेल्या आकड्याने गुणून पीपीएम म्हणून पडद्यावर दाखवतो. काही कंपन्या मिठाच्या द्रावणावर बेतलेला ५०० धरतात, काही ७०० धरतात, ६४० वाले पण आहेत. त्यामुळे ईसी २.० चं एकच पाणी एका पेनवर १००० आणि दुसऱ्या पेनवर १४००. दोन्ही पेन चांगले, दोन्ही बरोबर, पण दोन माणसं एकमेकांना पीपीएम सांगायला लागली की गोंधळ झालाच म्हणून समजा. म्हणून माझं कळकळीचं म्हणणं आहे की धाग्यावर आकडे देताना ईसीच द्या.

तुमचा पेन कुठला हे ओळखायचं असेल तर १.४१३ ईसीचं कॅलिब्रेशन द्रावण (मीटर तपासायचं ठरावीक ताकदीचं पाणी) घ्या, छोट्या पुड्या मिळतात, त्यात बुडवा. ७०० च्या आसपास आलं तर ५०० ची पट्टी, ९९० च्या आसपास आलं तर ७०० ची.

ओलावा
पुडी होती घरात. ९८८ आलं.

सुगीत
मग ७०० ची पट्टी. म्हणजे तुमचे ८०० पीपीएम हे ईसी १.६ नाहीत, १.१४ आहेत. त्यातले ०.५ तर नुसत्या पाण्याचे. खताचे उरले ०.६४. झाडाला ठरल्याच्या ४० टक्केच मिळतंय. वाढ हळू असण्याचं एक कारण तरी सापडलं.

आम्लपर्णी
आणि दुसरं कारण बायकार्बोनेट. जरा सविस्तर लिहितो, कारण पीएच रोज वर जातो ही तक्रार घेऊन बरेच जण येतात आणि रोज थेंब थेंब औषध घालत बसतात.

पाण्याचा पीएच किती यापेक्षा पाण्यात आम्ल पचवायची ताकद किती हे महत्त्वाचं. ती ताकद मुख्यतः बायकार्बोनेटची. लिटरला ६१ मिलिग्रॅम बायकार्बोनेट म्हणजे १ मिलीइक्विव्हॅलंट (आयनांचं प्रमाण त्यांच्या विद्युतभारावरून मोजायचं एकक). तुमचे १८३ म्हणजे ३. यातलं साधारण ०.५ ठेवायचं, पूर्ण शून्य केलं तर पीएच सावरायला काहीच उरत नाही आणि तो एकदम खाली कोसळू शकतो. म्हणजे २.५ मोडायला हवं. तुम्ही थोडं आम्ल टाकता, पीएच ५.८ दिसतो, पण त्यातून तयार झालेला कार्बन डायऑक्साइड पाण्यातच असतो. पंप आणि हवेचे बुडबुडे तो हळूहळू उडवून लावतात आणि पीएच परत चढतो. त्यात झाडं नायट्रेट रूपातला नत्र घेताना मुळांतून पाणी अल्कधर्मी करत जातात, ती भर वेगळीच.

पीएच ७ च्या वर गेला की ईडीटीएचं लोह टिकत नाही. ते साधारण ६.५ पर्यंतच लोहाला धरून ठेवतं, त्यापुढे त्याच्या जागी कॅल्शियम जाऊन बसतं आणि लोह गाळात जातं. लोहाचे दुसरे चिलेट मिळतात, त्यातलं डीटीपीए ७ च्या थोडं पुढेपर्यंत चालतं, ईडीडीएचए ९ पर्यंतही टिकतं (पाणी लालसर दिसतं त्याने, घाबरू नका). तेव्हा अजून लोह टाकून उपयोग नाही, आधी पीएच थांबवा.

आता आम्ल कुठलं. फॉस्फोरिकने १ मिलीइक्विव्हॅलंट मोडलं की लिटरमागे ३१ पीपीएम स्फुरद आपोआप वाढतो. २.५ मोडायचं म्हणजे ७७ पीपीएम, वर ००:५२:३४ चे ४१ आहेतच, हे फार झालं. नायट्रिकने दर मिलीइक्विव्हॅलंटला १४ पीपीएम नत्र वाढतो, तो खपून जातो, पण नायट्रिक घरात हाताळायला वाईट, वाफा छातीला त्रास देतात, कातडी पिवळी पडते, मी ते सवय नसलेल्या माणसाला सुचवणार नाही. लिंबाचं सत किंवा व्हिनेगर काही जण वापरतात, ते जिवाणूंचं खाद्य आहे, एक-दोन दिवसांत फस्त होतं आणि पीएच होता तिथे.

तुमच्यासाठी सोपा उपाय म्हणजे निम्मं आरओचं पाणी मिसळा. बायकार्बोनेट ३ चं १.५ होईल. त्यातलं १ फॉस्फोरिकने मोडा, उरलं ०.५. बरोबर हवं तेवढंच. ८५ टक्के फॉस्फोरिक असेल तर १०० लिटरला जवळपास ७ मिली लागेल. ते ३१ पीपीएम स्फुरद देईल, म्हणून बी कॅनमध्ये ००:५२:३४ १८० ऐवजी ४५ ग्रॅम, आणि त्यामुळे कमी झालेला पालाश भरायला १३:००:४५ शंभरेक ग्रॅम जास्त. पाण्यातूनच २० पीपीएम कॅल्शियम येतंय तेव्हा कॅल्शियम नायट्रेट ७०० ग्रॅम केलं तरी चालेल, जास्तीच्या १३:००:४५ मधून नत्र जवळपास भरून निघतो.

आम्ल हाताळताना चष्मा आणि हातमोजे. नेहमी पाण्यात आम्ल ओता, आम्लात पाणी कधीच नाही. आधी वेगळ्या बाटलीत दहापट पातळ करून ठेवा, मोजायलाही सोपं जातं.

रानवारा
हे आम्ल खतं टाकायच्या आधी की नंतर? आणि पीएच कधी मोजायचा?

आम्लपर्णी
हिशोबाचं मोठं आम्ल आधी, नुसत्या पाण्यात. मग थोडा वेळ हवेचा पंप चालू ठेवा म्हणजे कार्बन डायऑक्साइड निघून जाईल. मग ए, मग बी. खतं टाकल्यावर पीएच स्वतःच थोडा उतरतो म्हणून बारीक दुरुस्ती सगळ्यात शेवटी. आणि लगेच आलेल्या आकड्यावर समाधान मानू नका, दुसऱ्या दिवशी परत बघा. ५.५ ते ६.५ च्या मध्ये कुठेही असला तरी ठीक, रोज ५.८ वर आणून ठेवायचा आटापिटा करू नका. जे पोटॅशियम सिलिकेट वापरतात त्यांनी ते सगळ्यात आधी टाकायचं, फार अल्कधर्मी असतं ते, खतांनंतर टाकलं तर गाळ होतो.

दवबिंदू
इतकं सगळं वेगवेगळं घेण्यापेक्षा १९:१९:१९ वापरलं तर? पाण्यात पूर्ण विरघळतं, त्यात सगळं आहे.

तराजू
सगळं नाही. कॅल्शियम अजिबात नाही, मॅग्नेशियम बहुधा नाही, आणि स्फुरद गरजेपेक्षा खूप. लिटरला १ ग्रॅम टाकलं की स्फुरद ८३ पीपीएम होतो. पण मोठी अडचण नत्राची आहे. पिशवीच्या मागे बघा, त्यातला बराच नत्र अमाइड रूपात म्हणजे युरियाचा असतो. मातीत युरियाचं अमोनियम आणि मग नायट्रेट करायला जिवाणू असतात, स्वच्छ पाण्यात ते फार थोडे, त्यामुळे झाडाला तो नीट मिळत नाही. शिवाय युरियाचे आयन होत नाहीत, म्हणून ईसी मीटरला तो दिसतच नाही! तुम्ही ईसी बघून अजून टाकत राहाल आणि पाण्यात युरिया साचत जाईल. मातीच्या पिकाला ते खत उत्तम आहे, इथे नको.

हीच गोष्ट ईसीबद्दल सगळीकडे लक्षात ठेवा. ईसी म्हणजे एकूण क्षार, त्यात कोण किती हे तो सांगत नाही. पाण्यात नुसतं मीठ टाकून पण १.६ करता येतो.

हिरवळ
पण मग टाकीतलं पाणी जुनं होत गेलं की काय उरलंय ते कसं कळणार? मी म्हणून दर आठवड्याला सगळं पाणी बदलते.

सुगीत
दर आठवड्याला गरज नाही असं माझं मत. रोजचा ईसी आणि पाण्याची पातळी वहीत लिहून ठेवा, झाडंच सांगतात. पातळी उतरली आणि ईसी चढला म्हणजे झाडं पाणी जास्त पितायत, खत कमी घेतायत, उन्हाच्या आणि कोरड्या दिवसांत हे होतंच, तेव्हा नुसतं पाणी भरा. पातळी उतरली आणि ईसी पण उतरला म्हणजे भूक आहे, खत वाढवा. ईसी जागेवर राहिला तर द्रावण बरोबर जुळलंय, त्याच ताकदीचं भरा.

किती पाणी भरायचं याचा हिशोब असा. समजा टाकीत ८० लिटर आहे, ईसी २.४ झालाय आणि १.८ हवाय, साध्या पाण्याचा ०.३. दोन्हीतून ०.३ वजा करा, २.१ आणि १.५. ८० गुणिले २.१ भागिले १.५, म्हणजे ११२ लिटर. ३२ लिटर पाणी घाला. ते ०.३ वजा करायला विसरलं की उत्तर चुकतं.

आम्लपर्णी
सुगीत यांच्याशी अर्धा सहमत. आरओचं पाणी असेल तर पाणी खूप दिवस चालतं. पण पाण्यात सोडियम, क्लोराइड असेल तर झाड ते घेत नाही, प्रत्येक भरणीसोबत ते साचत जातं. ईसी १.६ चाच दिसतो पण त्यातला खताचा वाटा घसरत जातो. मग हिरवळ करतात तसं पूर्ण बदलणंच बरं. माझा ठोकताळा असा की टाकीच्या आकारमानाएवढं पाणी भरून झालं की एकदा पूर्ण रिकामी करायची, पाणी खारट असेल तर त्याही आधी. आणि काढलेलं पाणी मातीतल्या झाडांना घाला, गटारात सोडू नका, त्यात नायट्रेट आणि स्फुरद भरपूर असतो.

रानवारा
माझ्या टाकीत आणि पाईपांत मिळून नेमकं किती पाणी आहे हेच मला माहीत नाही. टाकीवर १०० लिटर लिहिलंय पण ती पूर्ण भरत नाही आणि पाईपांत पण पाणी असतं.

तराजू
एक तर बादलीने मोजून भरायचं आणि टाकीच्या आतून खुणा करायच्या, पंप चालू ठेवून. किंवा ईसीवरून काढा. वरच्या प्रमाणात लिटरला १-१ मिली टाकलं की ईसी ०.१६ ने वाढतो. आता टाकीत ए आणि बी प्रत्येकी ५०० मिली ओता, तासभर पाणी फिरू द्या, मग मोजा. समजा ईसी ०.८ ने वाढला. ०.८ भागिले ०.१६ म्हणजे लिटरला ५ मिली पडलं. ५०० भागिले ५, तुमच्याकडे १०० लिटर आहे. पाईपातलं धरून.

हे ०.१६ प्रत्येकाने आपापल्या कॅनसाठी एकदा काढून ठेवावं. एक लिटर पाणी, १-१ मिली, ईसीतला फरक. मिली मोजायला सुई नसलेली सिरिंज सगळ्यात चांगली, बाटलीचं झाकण अजिबात नको. मोजपात्र वापरत असाल तर सपाट जागी ठेवून डोळा पाण्याच्या रेषेत आणा आणि वाकलेल्या पृष्ठभागाचा खालचा भाग वाचा.

अंदाज पडताळायची आणखी एक युक्ती आहे. सगळ्या धनभारित आयनांची मिलीइक्विव्हॅलंटमधली बेरीज भागिले १० म्हणजे जवळपास ईसी. वरच्या प्रमाणात कॅल्शियम ७.६, पालाश ४.६, मॅग्नेशियम ३.२, अमोनियम ०.६, एकूण १६. म्हणून १.६. प्रयोगशाळांतून वापरलं जाणारं होगलंड यांचं प्रसिद्ध द्रावण घ्या, डेनिस होगलंड आणि डॅनियल आर्नन यांनी १९३८ साली कॅलिफोर्नियात प्रसिद्ध केलेलं, त्यात नत्र २१०, पालाश २३५, कॅल्शियम २००, मॅग्नेशियम ४८ आहे, बेरीज २० येते, ईसी २ च्या आसपास. तुमचा मीटर याच्या आसपासही नसेल तर वजनात चूक आहे किंवा मीटरमध्ये.

सुगीत
मीटरवरून आठवलं. पीएच मीटरचं टोक कोरडं ठेवू नका आणि डिस्टिल्ड पाण्यात तर मुळीच बुडवून ठेवू नका, काचेच्या आतले आयन बाहेर झिरपतात. त्याचं साठवणीचं द्रावण म्हणजे पोटॅशियम क्लोराइड, तेच टोपणात ठेवा. कॅलिब्रेशन आधी ७ (किंवा ६.८६) ला, मग ४ ला. वापरलेलं बफर (कॅलिब्रेशनचं ठरावीक पीएचचं द्रावण) परत बाटलीत ओतायचं नाही. ईसीच्या टोकाला मात्र कोरडं ठेवलं तरी चालतं, फक्त वापरून झालं की साध्या पाण्याने धुवा, खताचा थर बसला की आकडा कमी येतो.

तापमानाचंही बघा. ईसी दर अंशाला जवळपास २ टक्क्यांनी बदलतो. एटीसी (तापमानानुसार आपोआप दुरुस्ती) असलेला मीटर २५ अंशांचा आकडा करून देतो, पण टोक पाण्यात नीट निवायला अर्धा-एक मिनिट द्या. एटीसी नसलेल्या स्वस्त पेनने सकाळ-दुपारच्या आकड्यांची तुलना करण्यात अर्थ नाही.

आणि आरओच्या नुसत्या पाण्याचा पीएच मोजून चिंता करत बसू नका. त्यात आयनच इतके कमी असतात की मीटर भरकटत राहतो. खत टाकल्यावर मोजा.

ओलावा
निम्मं आरओ, फॉस्फोरिक आणि नवीन प्रमाण असं करून टाकी भरली. ईसी आता १.८ (पाण्याचा ०.२५ धरून), पीएच ५.९ होता, आज चौथ्या दिवशी ६.२. रोजचं औषध बंद. तुळशीचे नवे शेंडे हिरवे निघतायत, लेट्यूसची जुनी पिवळी पानं तशीच आहेत. ती सुधारतील का?

आम्लपर्णी
छान! जुन्या पानांची वाट बघू नका, फार पिवळी झालेली पूर्ववत होत नाहीत. लोह झाडाच्या आत एका पानातून दुसऱ्या पानात सहज जात नाही, म्हणून नव्या पानांवरच निकाल बघायचा. मॅग्नेशियमचं उलट असतं, ते फिरतं, त्यामुळे त्याची कमतरता आधी जुन्या पानांवर दिसते.

हिरवळ
लेट्यूसच्या आतल्या पानांच्या कडा करपतात तेव्हा पण कॅल्शियम नायट्रेट वाढवायचं का?

तराजू
बहुतेक वेळा नाही. पाण्यात कॅल्शियम पुरेसं असतं, ते आतल्या पानापर्यंत पोचत नाही. कॅल्शियम पाण्याच्या ओढीबरोबरच वर चढतं, आणि गड्ड्याच्या आत बंद असलेल्या पानातून बाष्प उडतच नाही. हवा खेळती करा, छोटा पंखा लावा, ईसी थोडा कमी करा. ईसी वाढवला तर उलट जास्त करपेल, कारण तीव्र पाण्यातून मुळांना पाणी ओढणं अवघड जातं.

दवबिंदू
शेवटचं विचारते. हे कॅन किती दिवस टिकतात? माझ्या ए कॅनचा रंग आधी गडद होता, आता फिका वाटतोय.

तराजू
पारदर्शक कॅन आहे का? ऊन लागलं तर चिलेटेड लोह तुटतं, रंग फिका पडतो आणि तळाशी तपकिरी भुकटी बसते. काळा किंवा पूर्ण अपारदर्शक कॅन घ्या, नाहीतर काळं प्लास्टिक गुंडाळा. शेवाळ पण धरत नाही मग. अंधारात, झाकण घट्ट लावून काही महिने सहज जातात. बी कॅनच्या तळाशी थंडीत सुईसारखे स्फटिक दिसले तर ते बहुधा पोटॅशियम नायट्रेटचे, गारव्यात त्याची विद्राव्यता पटकन घटते. कॅन कोमट पाण्यात ठेवून हलवा, परत विरघळतील. दोनशेपट तीव्र करणाऱ्यांना हा त्रास जास्त, म्हणून घरच्यासाठी मी शंभरपटच्या वर जात नाही. स्फटिक असताना वरवरचं द्रावण मात्र मोजून घेऊ नका, त्यात पालाश कमी आणि बाकीचं जास्त झालेलं असतं.

रंग अगदीच उडाला असेल तर सगळा कॅन फेकायची गरज नाही, कॅल्शियम नायट्रेटला काही होत नाही. उरलेलं किती लिटर आहे ते मोजा आणि लिटरला २.१ ग्रॅम या हिशोबाने ताजं चिलेटेड लोह घाला. आणि कॅनवर नाव, किती पट, कधी केलं हे पाण्याने न जाणाऱ्या शाईने लिहा, आम्लाच्या बाटलीवर तर आधी, आणि ती लहान मुलांच्या हाताला लागणार नाही अशी कुलपात.